ओटिस रेडिंग जमवायचा तर: मोनो, स्टिरिओ आणि कायदा

प्रश्न थोडक्यात असा: 'डॉक ऑफ द बे' आणि आणखी दोन-तीन गाणी ऐकून ओटिस रेडिंग हा साठच्या दशकातला अमेरिकन सोल गायक आवडला (सोल म्हणजे कृष्णवर्णीय अमेरिकनांचं, चर्चच्या गाण्यातून आलेलं लोकप्रिय संगीत). आता सगळा ऐकायचा आहे आणि आडमार्गाने न जाता जमवायचा आहे. सुरुवात कुठून करावी, सीडी की एलपी (मोठी तबकडी), मोनो (दोन्ही स्पीकरमध्ये एकच आवाज) की स्टिरिओ (डावी-उजवी बाजू वेगळी), आणि 'साठ वर्षं झाली की गाणं फुकट' हे खरं का?

ओटिस जमवणं अवघड नाही. त्याची खरी कारकीर्द जेमतेम पाच वर्षांची. ऑगस्ट १९६२मध्ये मेम्फिसच्या स्टॅक्स स्टुडिओत तो पहिल्यांदा गायला आणि १० डिसेंबर १९६७ला विस्कॉन्सिनमधल्या मॅडिसन गावाजवळ मोनोना तळ्यात विमान कोसळून गेला, तेव्हा २६ वर्षांचा होता. हयातीत निघालेले स्टुडिओ अल्बम पाच, गायिका कार्ला थॉमसबरोबरचा एक, एक लाइव्ह आणि एक संकलन. बस. पण मागणी कधी आटली नाही, म्हणून या मूठभर गाण्यांची शेकडो संकलनं निघाली. त्यामुळे पैसे वाया जातात ते दुर्मिळ गोष्टींवर नाही, तर तेच गाणं पाचव्यांदा विकत घेण्यात. म्हणून आधी यादी, मग खरेदी.

ही ती यादी. 'पेन इन माय हार्ट' (१९६४), 'द ग्रेट ओटिस रेडिंग सिंग्ज सोल बॅलड्स' (१९६५), 'ओटिस ब्लू' (१९६५), 'द सोल अल्बम' (१९६६), 'डिक्शनरी ऑफ सोल' (१९६६), कार्लाबरोबरचा 'किंग अँड क्वीन' (१९६७), 'लाइव्ह इन युरोप' (१९६७) आणि 'हिस्टरी ऑफ ओटिस रेडिंग' (१९६७) हे संकलन. मृत्यूनंतर 'द डॉक ऑफ द बे' आणि 'द इमॉर्टल ओटिस रेडिंग' (दोन्ही १९६८), 'इन पर्सन अॅट द व्हिस्की अ गो गो' (१९६८), 'लव्ह मॅन' (१९६९) आणि 'टेल द ट्रूथ' (१९७०). मरणोत्तर अल्बम म्हटलं की झाडून गोळा केलेला उरलासुरला माल डोळ्यासमोर येतो. इथे तसं नाही. १९६७च्या शरद ऋतूत घशाची शस्त्रक्रिया झाली, आवाजाला सक्तीची विश्रांती मिळाली, आणि त्यानंतरच्या काही आठवड्यांत त्याने सपाटून ध्वनिमुद्रण केलं. 'हार्ड टू हँडल' आणि 'आय्व्ह गॉट ड्रीम्स टू रिमेंबर' ही गाणी 'इमॉर्टल'वर आहेत. ती सोडून ओटिस पूर्ण होत नाही. 'टेल द ट्रूथ' मात्र शेवटी घेतला तरी चालेल.

तबकडीवर कधी व्होल्ट, कधी अॅटको, कधी स्टॅक्स का?

हे समजलं की अर्धा गोंधळ संपतो. व्होल्ट हे स्टॅक्सचं भावंड लेबल, अॅटको हे अटलांटिकचं. स्टॅक्सचा माल देशभर विकायचं काम न्यूयॉर्कच्या अटलांटिककडे होतं, म्हणून ओटिसची सिंगल्स (दोन बाजूंना एकेक गाणं असलेल्या छोट्या तबकड्या) व्होल्टवर आली तरी पहिला अल्बम अॅटकोवर निघाला. १९६५च्या लेखी करारात वितरण केलेल्या मास्टर टेपची, म्हणजे मूळ ध्वनिमुद्रणांची, मालकी अटलांटिककडे जाईल असं कलम होतं. स्टॅक्सचे संस्थापक जिम स्टुअर्ट यांना त्याचा अर्थ उमगला तो अटलांटिक वॉर्नरकडे विकली गेल्यावर, १९६८मध्ये दोघांची फारकत होताना. तोवर आपलाच माल हातचा गेला होता.

आज त्याचा परिणाम असा की हयातीतले अल्बम आणि त्यांचे पुनर्मुद्रित संच वॉर्नरच्या घरातून, बहुधा ऱ्हायनो या नावाने येतात. स्टॅक्सचं नाव आणि फारकतीनंतरचा माल पुढे फँटसी आणि मग कॉन्कॉर्डकडे गेला. म्हणून व्हिस्की अ गो गो या क्लबातल्या कार्यक्रमांच्या नंतर निघालेल्या संचांवर कॉन्कॉर्डचा शिक्का दिसतो. वेबवर एखादा ओटिस अल्बम या दोन्हींपैकी कोणाचंच नाव न सांगता विकला जात असेल, तर तिथेच थबकावं.

विकत घेण्याआधी ऐकणं

तुमच्याकडे ज्या स्ट्रीमिंग सेवेची वर्गणी आहे तिच्यावर हे बहुतेक सगळं आहे. यूट्यूबवर ऐकत असाल तर वर्णनाची पहिली ओळ वाचा. 'प्रोव्हायडेड टू यूट्यूब बाय' अशी सुरुवात आणि पुढे हक्कदार कंपनीचं नाव असेल तर ती अधिकृत फाइल. गोलातल्या पी या खुणेपुढचं वर्ष बघून मात्र फसू नका. अनेकदा ते पुनर्मुद्रणाचं असतं. १९६५चं गाणं तिथे २००८चं म्हणून दिसू शकतं.

आणखी एक सापळा सोल संगीतात सर्रास आहे: त्याच गायकाने पुढे दहा-वीस वर्षांनी दुसऱ्या कंपनीसाठी पुन्हा गायलेली तीच गाणी. सॅम अँड डेव्ह या गायकजोडीच्या बाबतीत याला हमखास तोंड द्यावं लागतं. ओटिसच्या बाबतीत ही भीती नाही, कारण पुन्हा गायला तो राहिलाच नाही. त्याच्याकडे वेगळी भानगड आहे. स्टॅक्सआधी, १९६०-६१च्या सुमारास त्याने छोट्या कंपन्यांसाठी लिटल रिचर्ड या रॉक अँड रोल गायकाच्या ढंगात काही गाणी ओरडून म्हटली होती. तो गेल्यावर ती 'लिटल जो कर्टिस' नावाच्या दुसऱ्याच गायकाच्या गाण्यांबरोबर एका स्वस्त एलपीवर घालून विकली गेली. मुखपृष्ठावर ओटिसचं नाव ठळक. आत मात्र तो मोजका आणि तोही ओळखू न येणारा. ती एलपी अजून जुन्या बाजारात फिरते. कुतूहल म्हणून ठीक, ओटिस म्हणून नाही.

ऐकण्याचा क्रम कालानुक्रमे ठेवू नका. 'ओटिस ब्लू'पासून सुरू करा, मग 'डिक्शनरी', मग 'लाइव्ह इन युरोप', आणि त्यानंतर मागे 'पेन इन माय हार्ट'कडे. पहिल्या अल्बमवर तो अजून लिटल रिचर्ड आणि सोल गायक सॅम कुक यांच्यामध्ये लोंबकळतोय. तिथून सुरुवात केली तर 'एवढं काय त्यात' असं वाटून सोडून देणारे पुष्कळ.

'डिक्शनरी'वरचं 'ट्राय अ लिट्ल टेंडरनेस' एकदा हेडफोन लावून, फक्त ढोलवादक अल जॅक्सनकडे कान ठेवून ऐका. गाणं मुळात १९३२चं, नाचाच्या बँडांसाठी लिहिलेलं मऊसूत. इथे सुरुवातीला ताल नाहीच. फक्त ब्रास, म्हणजे ट्रंपेटसारखी फुंकवाद्यं, एकमेकांत गुंफत उतरतात. आवाज येतो तेव्हा मागे जवळजवळ काही नसतं. मग जॅक्सन ड्रमच्या कडेवर काठीने टकटक सुरू करतो, घड्याळाच्या काट्यासारखी, गाण्याच्या संथ लयीच्या दुप्पट. गायक अजून विलंबितात, पण टकटक सांगत असते की द्रुत येणार आहे. हळूहळू पियानो, गिटारचे तुटक ठोके, मग ब्रासची चढण, आणि शेवटच्या मिनिटात सगळं एकदम फुटतं. आपल्याकडे बडा ख्याल संपून छोटा ख्याल सुरू होतो तेव्हा ठेका उघड बदलतो. इथे ठेका आधीच बदललेला असतो, गाणं त्याला नंतर गाठतं. स्टॅक्सच्या मंडळींकडे ब्राससाठी लिहिलेली स्वरलिपी नसे. ओटिस तोंडाने गुणगुणून कोणी काय वाजवायचं ते सांगायचा. म्हणून ते फुंकर घातलेले तुकडे त्याच्याच गळ्यातून निघाल्यासारखे वाटतात.

मोनो की स्टिरिओ

या प्रश्नावर लोक तावातावाने भांडतात, पण ओटिसपुरतं उत्तर तारखेवर अवलंबून आहे. १९६५च्या उन्हाळ्यापर्यंत स्टॅक्समध्ये एकाच ट्रॅकचं मोनो यंत्र होतं. अटलांटिकचे ध्वनिमुद्रक टॉम डाउड यांनी त्या वर्षी तिथे दोन ट्रॅकचं यंत्र बसवलं. म्हणजे त्याआधीच्या गाण्याच्या कव्हरवर 'स्टिरिओ' छापलेलं दिसलं तर ते बहुतेक बनावट स्टिरिओ समजा: मोनो टेपचे खालचे स्वर एका बाजूला, वरचे दुसऱ्या बाजूला, मध्ये किंचित उशीर. 'इलेक्ट्रॉनिकली' हा शब्द बारीक अक्षरांत शोधा. कव्हर नसेल तर बॅलन्सचं बटण एका टोकाला न्या. एका स्पीकरमध्ये नुसता गाळ आणि दुसऱ्यात नुसती चिरचिर आली, तर तेच. अशी तबकडी मोनोचं बटण दाबूनही सुधारत नाही. मधल्या उशिरामुळे आवाज पोकळ, पिंपात तोंड घालून बोलल्यासारखा होतो. 'पेन इन माय हार्ट' आणि 'सोल बॅलड्स' म्हणून मोनोतच घ्या.

'ओटिस ब्लू'पासून पेच सुरू होतो. हा अल्बम ९ आणि १० जुलै १९६५ला जवळजवळ सलग गायला गेला. मध्ये काही तास वादक मंडळी आपापल्या क्लबांतले रात्रीचे कार्यक्रम वाजवायला गेली आणि पहाटे परत येऊन बसली. अकरापैकी एकच गाणं, 'आय्व्ह बीन लव्हिंग यू टू लाँग', आधीच सिंगल म्हणून मोनोत निघालेलं होतं. मोनो एलपीवर तेच घेतलं. स्टिरिओ एलपीसाठी मात्र ते गाणं नव्याने गायलं गेलं. म्हणजे एकाच अल्बमच्या दोन प्रतींवर एकाच गाण्याची दोन वेगळी गायनं आहेत, नुसती दोन मिश्रणं नव्हेत. संकलनांवर यातलं कुठलं आहे ते बहुधा लिहिलेलंही नसतं. शेवटच्या ओळींतल्या विनवण्या एकामागून एक लावून ऐका, फरक लगेच कानात भरतो.

स्टिरिओत जागा जास्त, मोनोत धक्का जास्त. ही गाणी छोट्या रेडिओसाठी आणि ज्यूकबॉक्ससाठी केलेली होती. स्टुडिओतल्यांनी खरी मेहनत मोनोवर घेतली. त्यामुळे एकच प्रत घ्यायची तर मोनो. पण 'ओटिस ब्लू'ची ऱ्हायनोने २००८मध्ये काढलेली दोन सीडींची आवृत्ती मिळत असेल तर वाद मिटतो, कारण तिच्यात दोन्ही आहेत. 'डिक्शनरी ऑफ सोल'चीही २०१६ची दोन सीडींची आवृत्ती तशीच.

जाता जाता: अटलांटिकच्या न्यू जर्सीतल्या लाँग ब्रँच इथल्या गोदामाला १९७८मध्ये आग लागली, त्यात हजारो टेप जळाल्या, त्यांत सत्रांच्या मूळ रिळांचा आणि न वापरलेल्या गायनांचा भरणा होता. त्यामुळे 'नव्याने सापडलेला अप्रकाशित ओटिस' अशी जाहिरात दिसली की आधी हक्कदाराचं नाव बघावं.

नेमकं काय घ्यायचं

कपाटात कमीत कमी जागा आणि पुनरुक्ती कमी हवी असेल, तर दोन संच पुरतात. पहिला 'सोल मॅनिफेस्टो', ऱ्हायनो, २०१५: बारा सीडी, बारा मूळ अल्बम, १९६४ ते १९७०. दुसरा २०१३चा 'द कम्प्लीट स्टॅक्स/व्होल्ट सिंगल्स कलेक्शन': तीन सीडी, सत्तर गाणी, मोनो. दुसरा कशाला, असं वाटेल. कारण सिंगल्सच्या मागच्या बाजू. 'आय कान्ट टर्न यू लूज' हे त्याचं सर्वात नाचवणारं गाणं, पण ते १९६५च्या एका सिंगलच्या मागच्या बाजूला निघालं आणि हयातीतल्या एकाही स्टुडिओ अल्बमवर नाही. 'हिस्टरी' या संकलनात आलं. आणि ते संकलन बारा सीडींच्या संचात नाही. म्हणजे फक्त मोठा संच घेतलात तर या गाण्याचं स्टुडिओतलं रूप हातात येत नाही.

लाइव्हसाठी तीन दारं. हयातीत निघालेला एकमेव लाइव्ह अल्बम 'लाइव्ह इन युरोप'. त्यात मागे बुकर टी. अँड द एम.जी.'ज आहेत, म्हणजे स्टुडिओतलीच मंडळी. लय वाजवीपेक्षा जलद आहे, काहींना ती खटकते. दुसरं, लॉस एंजेलिसच्या व्हिस्की अ गो गोमधले ८ ते १० एप्रिल १९६६चे कार्यक्रम. इथे त्याचा स्वतःचा दौऱ्यावरचा बँड आहे: ब्रास कधीकधी बेसूर, पण अंगात वारं शिरल्यासारखे. २०१६चा सहा सीडींचा संच सातही सेट क्रमाने देतो. पण सरळ सांगायचं तर सहा सीडी अभ्यासकासाठी. तीच गाणी पुन्हा पुन्हा येतात. आवड नवी असेल तर २०१०चा दोन सीडींचा 'लाइव्ह ऑन द सनसेट स्ट्रिप' पुरे. तिसरं, कॅलिफोर्नियातला मॉन्टेरी पॉप महोत्सव, १७ जून १९६७. फक्त पाच गाणी, पण ती ऐकायची नाहीत, बघायची. चित्रपटकार पेनबेकर यांचं चित्रीकरण क्रायटेरियन कंपनीच्या मॉन्टेरी डिस्क संचात आहे. १९७०ची रिप्रीझची एलपी, जिच्या एका बाजूला जिमी हेंड्रिक्स आणि दुसऱ्या बाजूला ओटिस, ती जुन्या बाजारात अधूनमधून दिसते आणि दिसली तर सोडू नये.

विकत घेऊन उतरवायच्या फाइल हाही कायदेशीर मार्ग आहे. अडचण इतकीच की उच्च दर्जाच्या फाइल विकणारी काही दुकानं भारतातल्या पत्त्यावर किंवा कार्डावर विकत नाहीत. पैसे भरण्याच्या पानापर्यंत जाऊन बघा. पत्ता खोटा सांगून घेतलेली फाइल अटींविरुद्ध असते. खातं बंद झालं की फाइलही जाऊ शकते.

जुन्या तबकड्या

मुंबईत ऱ्हिदम हाउस २०१६मध्ये बंद झाल्यापासून नवी आयात एलपी सहज चाळून घेण्याची सोय आटली. चोर बाजारातल्या मटण स्ट्रीटवर जुन्या तबकड्यांची दुकानं आहेत, पण तिथे नाव सांगून ओटिस मिळेल या भरवशावर जाऊ नका. ढीग चाळायची तयारी हवी. बहुतेक खरेदी परदेशी विक्रेत्यांकडूनच होते.

तिथे दर्जाच्या खुणा नीट समजून घ्या. 'गुड' म्हणजे चांगली नव्हे. 'गुड' म्हणजे खरखर इतकी की गाणं तिच्या मागून ऐकायचं. 'व्हीजी प्लस' (व्हेरी गुड प्लस) या खुणेच्या खाली, भारतात मागवायची असेल तर, जाऊ नये. परत पाठवण्याचा खर्च तबकडीपेक्षा जास्त होतो. कव्हरचा आणि तबकडीचा दर्जा वेगवेगळा दिलेला असतो, दोन्ही वाचा. सीमाशुल्क, त्यावरचा आयजीएसटी आणि कुरिअरचं हाताळणी शुल्क किमतीत धरूनच ठरवा. एकाच विक्रेत्याकडून तीन-चार एलपी एकत्र मागवल्या तर टपाल वाटून जातं.

छापील आवृत्ती ओळखायला क्रमांक बघा. व्होल्टच्या मोनो एलपीवर साधा आकडा असतो, 'ओटिस ब्लू'चा ४१२. स्टिरिओवर त्याच्या आधी एस. अॅटकोवर मोनो ३३ने सुरू होतो, स्टिरिओवर त्याच्या आधी एसडी. मग शेवटच्या गाण्यानंतरच्या गुळगुळीत पट्ट्यात कोरलेलं बघा. तिथे छोटा त्रिकोण आणि पुढे आकडा असेल, तर ती लॉस एंजेलिसच्या मोनार्क कारखान्यातली छपाई. विक्रेत्याकडून या पट्ट्याचा, तिरप्या उजेडात काढलेला फोटो मागवा. देत नसेल तर घेऊ नका. ब्रिटनमध्ये हेच अल्बम व्होल्टऐवजी अटलांटिकच्या लेबलवर निघाले. ते बनावट नाहीत.

सात इंची सिंगल्स घेणार असाल तर दोन गोष्टी. अमेरिकन सिंगलचं मधलं भोक मोठं, सुमारे ३८ मिमीचं. त्याला अॅडॉप्टर लागतो. आणि त्यातल्या बऱ्याच सिंगल्स विनाइलच्या नसून स्टायरीनच्या आहेत. मोनार्कमधल्या तर हमखास. स्टायरीन कडक आणि ठिसूळ. नखाने टिचकी मारली तर विनाइलचा आवाज बोदा येतो, स्टायरीनचा टणक, प्लॅस्टिकच्या डब्यासारखा. लेबल दाबून बसवलेलं नसतं, वरून चिकटवलेलं असतं, कडा सुटलेल्या दिसतात. स्टायरीन पटकन झिजतं. रेडिओवाल्यांनी सुरुवातीचा ठोका पकडायला सुई मागेपुढे फिरवलेली असेल तर पहिल्या पाच-सहा सेकंदांत फसफस ऐकू येते. ती कुठल्याही धुण्याने जात नाही, कारण ती घाण नाही, जखम आहे. अशा सिंगलवर सुई हाताने मागे फिरवू नका आणि सुईचा दाब कार्ट्रिजच्या (सुई बसवलेल्या भागाच्या) कंपनीने दिलेल्या मर्यादेतच ठेवा. कमी दाब म्हणजे कमी झीज, हा गैरसमज आहे. कमी दाबाने सुई उडत राहते आणि खाचेच्या भिंती जास्त खरवडल्या जातात.

साठच्या दशकातल्या मोनो तबकड्यांना १ मिल म्हणजे सुमारे २५ मायक्रॉन टोकाची गोल सुई बरी बसते. स्टिरिओची गोल सुई ०.७ मिलची असते आणि जुन्या, वाजवून वाजवून झिजलेल्या मोनो खाचेत ती खोल, घाणीच्या थरात जाते. दोन सुया परवडत नसतील तर निदान अँप्लिफायरवरचं मोनोचं बटण दाबा. मोनो गाणं सुईला फक्त आडवं हलवतं. उभ्या हालचालीतून येते ती बहुतेक खरखर, आणि दोन्ही बाजू एकत्र केल्या की ती बरीचशी विरते.

धुण्यासाठी डिस्टिल्ड पाणी, लिटरला एक-दोन मिलि बिनवासाचा, ओलावा पसरवणारा द्रव (वेटिंग एजंट), मऊ ब्रश खाचांच्या दिशेने, आणि मग नुसत्या डिस्टिल्ड पाण्याने पुन्हा एकदा. दुसरी धुलाई टाळली की साबणाचा थर सुईवर चिकटतो आणि लोक म्हणतात, धुतल्यावर आवाज बिघडला. नळाचं किंवा घरच्या फिल्टरचं पाणी वापरू नका, क्षार राहतात. लेबल कोरडं ठेवा.

पावसाळा ही आपल्याकडची खास अडचण. मुंबई, कोकण, गोव्यात जून ते सप्टेंबर कागदी पाकिटांना आणि लेबलांना बुरशी धरते, ती खाचांत पसरते. आतली पाकिटं पॉलिथिन लावलेली घ्या. बाहेरचं प्लॅस्टिक पीव्हीसीचं नको. महिनोन्महिने चिकटून राहिलं की तबकडीवर धुकं बसतं आणि ते कायमचं. तोंड बंद करणारी चिकटपट्टी पावसाळ्यात उघडी ठेवा, नाहीतर दमट हवा आत कोंडते. तबकड्या उभ्याच ठेवा आणि बाहेरच्या भिंतीला लागून असलेलं कपाट टाळा.

साठ वर्षांचं गणित

अर्धं खरं, आणि अर्धं खरं असल्यामुळेच गोत्यात आणणारं. भारताच्या १९५७च्या कॉपीराइट कायद्यात ध्वनिमुद्रणाला, ते पहिल्यांदा प्रकाशित झालं त्याच्या पुढच्या वर्षाच्या १ जानेवारीपासून ६० वर्षं संरक्षण आहे. १९६५मध्ये निघालेल्या 'ओटिस ब्लू'च्या ध्वनिमुद्रणाची मुदत या हिशेबाने ३१ डिसेंबर २०२५ला संपते, 'डिक्शनरी'ची २०२६अखेर, 'डॉक ऑफ द बे'ची २०२८अखेर. पण वर्ष धरायचं ते प्रकाशनाचं, गायनाचं नाही. व्हिस्कीमधले एप्रिल १९६६चे जे सेट पहिल्यांदा २०१६मध्ये निघाले, त्यांचं संरक्षण २०७६पर्यंत चालतं.

दुसरं, ध्वनिमुद्रण वेगळं आणि रचना वेगळी. शब्द आणि चाल यांचा हक्क रचनाकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षं. 'रिस्पेक्ट' एकट्या ओटिसचं, म्हणून २०२७अखेरपर्यंत. 'आय्व्ह बीन लव्हिंग यू टू लाँग' त्याने जेरी बटलरबरोबर लिहिलं. बटलर २०२५मध्ये गेले, आणि दोघांच्या रचनेत शेवटी गेलेल्याची तारीख धरतात, म्हणजे २०८५अखेर. ध्वनिमुद्रण मोकळं झालं तरी ही चाल मोकळी नाही.

तिसरं, हा हिशेब सीमेपलीकडे चालत नाही. अमेरिकेत २०१८च्या कायद्याने १९५७ ते फेब्रुवारी १९७२मधली ध्वनिमुद्रणं १५ फेब्रुवारी २०६७पर्यंत राखीव केली. ओटिस पुरता त्यात येतो. युरोपीय संघात मुदत ५० वरून ७० वर्षं झाली, पण १९६३च्या आधी प्रकाशित झालेली गाणी तेव्हा सुटून गेली होती. म्हणून तिथल्या स्वस्त संकलनांत १९६२पर्यंतच्या सोल गाण्यांची गर्दी असते, आणि ऑक्टोबर १९६२चं 'धीज आर्म्स ऑफ माइन' काठावर येऊन बसतं. न्यू जर्सी, लंडन किंवा दुबईत राहणाऱ्या मराठी वाचकाने तिथला कायदा बघायचा, पुण्यातल्या भावाचा नाही.

स्वतःच्या सीडीची स्वतःसाठी संगणकावर प्रत काढणं हे कलम ५२मधल्या खासगी वापराच्या सवलतीत बसवलं जातं. सीडी विकून फाइल ठेवणं, किंवा ती फाइल ग्रुपवर पाठवणं, त्यात बसत नाही. स्ट्रीमिंगचं कुलूप तोडून फाइल उतरवणारी साधनं वापरणं तर नाहीच. त्यासाठी कलम ६५अ वेगळं आहे. वर्गणी हा ऐकण्याचा परवाना, संग्रह नव्हे. सभागृहात किंवा कॅफेत श्रवणसत्र करायचं असेल, तर ध्वनिमुद्रणाचा आणि रचनेचा असे दोन्ही परवाने लागतात. आपल्याकडे ध्वनिमुद्रणासाठी पीपीएल आणि रचनेसाठी आयपीआरएस या संस्थांकडे चौकशी करा, आणि गाणी कोणाच्या ताब्यात आहेत ते आधी कळवा.

फाइल करून ठेवताना

सीडी उतरवायला विंडोजवर एग्झॅक्ट ऑडिओ कॉपी, मॅकवर एक्सएलडी. दोन्ही आपली प्रत इतरांच्या प्रतींशी ताडून बघतात, त्यामुळे ओरखड्याने बिघडलेला तुकडा लगेच कळतो. साठवण फ्लॅकमध्ये, म्हणजे आवाजातलं काहीही न गाळता आकार कमी करणाऱ्या फाइलमध्ये. एलपी उतरवताना २४ बिट, ९६ किलोहर्ट्झ. सर्वात मोठा आवाज उणे ६ डेसिबलपर्यंतच जाऊ द्या. बत्तीस-तेहतीस मिनिटांची एलपी कच्च्या रूपात साधारण १.१ जीबी होते. मोनो तबकडी स्टिरिओतच उतरवा आणि दोन्ही बाजू वेगवेगळ्या ऐका. एका भिंतीला जास्त झीज असेल तर चांगली बाजू दोन्हीकडे वापरा. दोन्ही सारख्या असतील तर एकत्र करा, खरखर सुमारे ३ डेसिबलने उतरते. फाइल कापण्याआधीची अखंड प्रत दुसऱ्या डिस्कवर ठेवा.

नावं देताना प्रत्येक गाण्याला तीन खाने जास्त भरा: मोनो की स्टिरिओ, मूळ क्रमांक, आणि ध्वनिमुद्रणाची तारीख. नाहीतर पाच वर्षांनी 'आय्व्ह बीन लव्हिंग यू टू लाँग'च्या तीन फाइल समोर येतात, एप्रिल १९६५चं सिंगल, जुलैचं स्टिरिओ आणि युरोपातलं लाइव्ह, आणि संगणक त्यातल्या दोन 'डुप्लिकेट' म्हणून पुसायला निघतो.